गावच्या जत्रेवर डॉक्युमेंटरी करायचीय? मग कॅमेरा सगळ्यात शेवटी काढा

जत्रांचा सीझन आला, शिमगा जवळ आला की कोणी ना कोणी विचारतंच, आमच्या गावची परंपरा शूट करायचीय, कॅमेरा कोणता घेऊ. कॅमेऱ्याचं सांगतो पुढे, पण त्याच्याआधी एक गोष्ट ठरवून टाका, ही फिल्म पहिल्यांदा कोण बघणार? माझ्यासाठी याचं उत्तर एकच आहे, ज्या गावात शूट केली ते गाव. देवळासमोरच्या पटांगणात पडदा लावलाय, पुढ्यात पोरं बसलीत, मागे बायका उभ्या आहेत, बाजूला खुर्च्यांवर मानकरी, आणि तुमची फिल्म चालू आहे. विषय कुठला घ्यायचा, कोणाला प्रश्न विचारायचे, काय कापायचं, भाषा कुठली ठेवायची, प्रत्येक वेळी अडलं की मनातल्या मनात त्या पटांगणात जाऊन उभं राहायचं. मी गेली काही वर्षं सिंधुदुर्गात शूट करतोय त्यामुळे उदाहरणं तिकडची जास्त येतील, तुम्ही तुमच्या भागाची घालून घ्या.

विषय छोटा करा, अजून छोटा करा

'कोकणची संस्कृती' हा विषय नाही होत, 'महाराष्ट्राच्या लोककला' तर नाहीच नाही. असा विषय घेतला की दहा ठिकाणचे सुंदर शॉट जमतात आणि त्याच्यावर एक भारदस्त आवाज टाकून मोकळं व्हावं लागतं, बघणाऱ्याला शेवटी एकही माणूस आठवत नाही. त्यापेक्षा एक गाव, एक रात्र, एक वस्तू घ्या. दशावतारावर (सिंधुदुर्गातलं रात्रभराचं लोकनाट्य) करायची तर त्या पेटाऱ्यावर करा ना, ज्यात सगळे मुकुट-शस्त्रं असतात, ज्याची पूजा होते, तो या जत्रेतून त्या जत्रेत कसा जातो, कोण उचलतो, कोण बांधतो, एवढ्यातच सगळा दशावतार येतो. जव्हार-मोखाड्याकडचा बोहाडा, म्हणजे मुखवटे घालून देवादिकांची सोंगं नाचवायचा उत्सव, करायचा तर अख्ख्या बोहाड्याच्या मागे लागू नका, तिथे सोंगं घराण्यांकडे वाटलेली असतात, तर एक घर आणि त्यांचा एक मुखवटा धरा, वर्षभर तो कुठे ठेवलेला असतो, कोण रंगवतं, यंदा कोण नाचवणार. तारपा वाजवणाऱ्यावर करायची असेल तर ते वाद्य ज्याच्यापासून बनतं त्या वाळलेल्या दुधी भोपळ्यापासून सुरू करा. पूर्व विदर्भातलं झाडीपट्टीचं नाटक असेल तर वडसा-देसाईगंजहून नाटक कंपनीची गाडी निघते तिथपासून पहाटे परत येईपर्यंतची एकच रात्र. छोट्या विषयात माणूस दिसायला जागा असते म्हणून मी हे परत परत सांगतो.

आणि 'लोप पावत चाललेली कला' हे डोक्यात घेऊन जाऊ नका. बऱ्याच गोष्टी लोप बिप काही पावत नाहीयेत, बदलतायत. दशावतारात आता ट्रिकसीन असतात, लाइट असतात, मोबाईलवर नाटकाच्या तारखा फिरतात, पोरं रात्रभर जागून बघतात. ते जुनं नाही म्हणून फ्रेमबाहेर ढकललंत तर तुम्ही गावाचा नाही, तुमच्या मनातल्या गावाचा फोटो काढताय.

तारीख तुमच्या कॅलेंडरवर नसते

हे नवीन लोकांना खूप जड जातं. सिंधुदुर्गातल्या जत्रा साधारण कार्तिकात सुरू होतात, दशावतारी मंडळांचा सीझनही तेव्हापासून पावसाळ्यापर्यंत. बऱ्याच जत्रा तिथीवर असतात पण आंगणेवाडीची भराडी देवीची जत्रा बघा, तिची तारीख तिथीवर नाही, देवीचा कौल घेऊन ठरते आणि मग जाहीर होते. वाईजवळच्या बावधनचं बगाड (उंच खांबाचा, बैलांनी ओढायचा लाकडी गाडा) रंगपंचमीला असतं पण बगाड्या, म्हणजे त्या खांबाला टांगला जाणारा नवसाचा माणूस, कोण होणार ते होळीला कौल लावून ठरतं, म्हणजे तुमच्या फिल्मचा मुख्य माणूस कोण हे तुम्हाला पाच दिवस आधी कळणार! त्याच्याशी ओळख करायला, घरी जायला, माइक लावायची सवय व्हायला एवढाच वेळ. मग करायचं काय तर आधीच्या वर्षी जो बगाड्या होता त्याच्याशी बोलून ठेवायचं, ज्यांनी नवस बोललाय अशा दोनचार घरी आधीच जाऊन यायचं, म्हणजे कौल कोणालाही लागला तरी तुम्ही परके नसता.

जमलं तर पहिल्या वर्षी कॅमेरा न घेता जा. हो, म्हणजे पूर्ण एक वर्ष थांबायचं, जत्रा वर्षातून एकदाच येते. पण त्या एका फेरीत जे कळतं ते शंभर फोन करून कळत नाही. वही घेऊन जायची आणि लिहायचं, पालखी कुठल्या दारातून निघते, ऊन कुठल्या बाजूने येतं, जनरेटर कुठे ठेवतात (त्याची घरघर तुमच्या सगळ्या आवाजात येणारे), लाउडस्पीकर कुठल्या झाडाला, बायका कुठे बसतात, स्वयंपाक कुठे, ढोलवाले कधी जेवतात. आणि गर्दी कुठून लोटते ते तर नक्की, कारण पुढच्या वर्षी तुमचा ट्रायपॉड बरोब्बर तिथेच असणार.

वाचन पण करून जा. जुनी जिल्हा गॅझेटियर ऑनलाइन मिळतात, त्यात तुमच्या तालुक्याची जत्रा सापडली तर भारी वाटतं, मात्र इंग्रज अधिकाऱ्याने बाहेरून बघून लिहिलेलं बरंच आहे त्यात, तेव्हा गावात कोणाला तरी वाचून दाखवा आणि ते काय म्हणतात ते ऐका. तो वाचून दाखवण्याचा प्रसंगच कधीकधी फिल्ममधला चांगला सीन होतो.

परवानगी कोणाची घ्यायची

सरपंचाचं पत्र घेतलं म्हणजे झालं असं नाही. देवाच्या कामात ग्रामपंचायत वेगळी आणि देवस्थान वेगळं. देवस्थान कमिटी, गावकर, बारा-पाचाचे मानकरी (देवाच्या कामात ज्यांचा मान ठरलेला असतो ते), गुरव, सगळ्यांना भेटा आणि शक्यतो एकाच दिवशी भेटा, नाहीतर अमक्याकडे आधी गेले आमच्याकडे नंतर आले हे सुरू होतं. मान कोणाचा यावरून कित्येक गावात वाद असतात, कोर्टात केसेस असतात. तुमच्या फिल्ममध्ये एखाद्याच्या नावाखाली 'प्रमुख मानकरी' असं लिहिलं की तुम्ही त्या वादात एक बाजू घेतलीत, उद्या तीच क्लिप पुरावा म्हणून फिरेल. म्हणून नाव आणि तो माणूस काय काम करताना दिसतोय एवढंच लिहायचं.

गाभाऱ्यात कॅमेरा नको म्हणाले तर नको. ओढून ताणून झूम मारून पण नको. बंद दाराचा शॉट आणि आतून येणारा घंटेचा आवाज याने काम होतं, उलट जास्त चांगलं होतं.

अवसार येतो त्याचं काय हा प्रश्न मला बऱ्याच जणांनी विचारलाय. अंगात आलेल्या माणसाला त्या क्षणी परवानगी विचारता येत नाही, तो द्यायच्या स्थितीतच नसतो. मी असं करतो की आदल्या दिवशी विचारून ठेवतो की असं झालं तर कॅमेरा चालू ठेवू का, आणि नंतर चार-आठ दिवसांनी त्याला तो भाग दाखवून परत विचारतो. दोनदा हो आलं तरच वापरतो. एका बाईंनी बघून नको म्हटलं होतं, माझ्या त्या फिल्ममधला सगळ्यात ताकदीचा शॉट होता तो, काढून टाकला. आज त्याच घरात मी हक्काने जाऊन बसू शकतो.

लेखी संमती मराठीत लिहा, मोठ्या अक्षरात, एका पानात. ज्यांना सही करायची नसेल त्यांच्याकडून कॅमेऱ्यावर तोंडी घ्या, नाव, गाव, आणि 'हे यूट्यूबवर जाणार आहे, कोणीही बघू शकेल' हे तुम्ही मोठ्याने सांगितलेलं पण त्यात रेकॉर्ड झालं पाहिजे. आणि कलाकारांच्या बाबतीत एक कायद्याची गोष्ट, १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ३८ खाली परफॉर्मरचे हक्क आहेत, ५० वर्षं चालतात. ओवी परंपरेची असेल, कोणाच्याच मालकीची नसेल, पण त्या आजीने ती ज्या पद्धतीने त्या दिवशी म्हटली त्या सादरीकरणावर तिचा हक्क असतो. 'लोकगीतच तर आहे' म्हणून कुठेही वापरायचं असं नाही चालत.

आवाज, आवाज, आवाज

आता खरं मुद्द्याचं. तुमच्याकडे पैसे कमी असतील तर कॅमेरा मित्राचा घ्या, फोनवर शूट करा, पण माइक आणि रेकॉर्डर चांगला घ्या. गावची ओळख दिसण्यापेक्षा ऐकण्यात जास्त असते हो. डोंगर, कौलं, पालखी दुसऱ्या गावातही सापडतील. गाऱ्हाणं, म्हणजे देवापुढे गावाच्या वतीने घातलेलं मागणं, ते घालणाऱ्याचा तो विशिष्ट सूर, 'बा देवा म्हाराजा' म्हणून सुरुवात, आणि प्रत्येक ओळीला गर्दीतून येणारं 'व्हय म्हाराजा', हे ऐकून मालवणी माणूस डोळे मिटून सांगेल कुठे आहोत. ते नीट रेकॉर्ड करायचं तर एक माइक गाऱ्हाणं घालणाऱ्याजवळ आणि दुसरा गर्दीकडे तोंड करून. एकच माइक लावला तर 'व्हय म्हाराजा' लांबून पुसट ऐकू येतं आणि अर्धा जीव जातो त्यातला.

साधी सेटिंग सांगतो, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, आणि बोलणं साधारण उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील एवढी लेव्हल. ढोल सुरू होणार असेल तर आधीच बरीच खाली आणा, ढोलाचा आवाज एकदा फाटला की एडिटला दुरुस्त होत नाही. ज्या रेकॉर्डरमध्ये एक सेफ्टी ट्रॅक कमी लेव्हलला आपोआप होतो तो फार उपयोगाचा. माइकवर केसाळ विंडशील्ड हवंच, समुद्राकडच्या वाऱ्यात नुसता स्पंज टिकत नाही. हेडफोन सतत कानावर ठेवा, स्क्रीनवर काटे हलतायत म्हणजे आवाज चांगला येतोय असं नसतं. गुरव किंवा म्हातारे बाबा नुसत्या उपरण्यावर असतील तर कॉलर माइक उपरण्याच्या घडीत आतून चिकटपट्टीने लावा, साडीला लावायचा असेल तर त्या बाईंना स्वतःलाच लावू द्या आणि बांगड्यांपासून लांब.

रात्रभराचं नाटक असेल तर सगळ्यात आधी साउंडवाल्याशी दोस्ती करा. त्याच्या मिक्सरमधून लाइन-आउट घेऊन आपल्या रेकॉर्डरला जोडली की कलाकारांचे संवाद स्वच्छ मिळतात, फक्त रेकॉर्डरचं इनपुट माइकवरून लाइनवर टाकायला विसरू नका, नाहीतर रात्रभर फाटका आवाज रेकॉर्ड होईल (माझा झालाय, अख्खं आख्यान गेलं). पण नुसत्या लाइन-आउटवर राहायचं नाही कारण त्यात प्रेक्षक नसतात. दशावतारातला राक्षस शंखासुर आला की पोरांचा जो कल्ला होतो तो पाहिजे ना, त्यासाठी एक रेकॉर्डर प्रेक्षकांत, आणि जमल्यास एक पेटी-पखवाज-झांज बसतात तिथे. दशावतारात तर आवाज अजूनच महत्त्वाचा आहे कारण संवाद लिहिलेले नसतात, कलाकार तिथल्या तिथे बोलतात, तीच कथा आज जशी झाली तशी उद्या होणार नाही.

अजून एक, जत्रेत स्पीकरवर सिनेमाची गाणी चालू असतात दिवसभर. तुमच्या मुलाखतीच्या मागे ते गाणं आलं की यूट्यूबवर कॉपीराइट क्लेम येतो, आणि गाणं वाजत असताना बोलण्यात कट मारला की गाणं उडी मारतं. म्हणून महत्त्वाचं बोलणं स्पीकरपासून लांब नेऊन करा, किंवा सकाळी लवकर उरकून घ्या. आणि प्रत्येक जागेचा एक मिनिट नुसता आवाज घ्या, कोणी न बोलता. परसाचा वेगळा, सभामंडपाचा वेगळा, पहाटेच्या पटांगणाचा वेगळा. एडिटला बसल्यावर त्या एकेका मिनिटाची किंमत कळते.

कॅमेरा

यात जास्त वेळ घालवत नाही. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची आहे त्यामुळे सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० ठेवा, तरी पट्टे दिसले तर १/१००. फोन ऑटोवर ३० फ्रेमला असतो म्हणून रात्रीच्या ट्यूब आणि एलईडीच्या उजेडात ते काळे पट्टे पळताना दिसतात, मॅन्युअल अ‍ॅप टाकून हे लॉक करा. एलईडीच्या स्वस्त माळा मात्र कशाही लुकलुकतात, आदल्या रात्री टेस्ट करून बघा. फोनचं फूटेज एकसारख्या फ्रेम रेटचं नसतं, लांब शॉटमध्ये वेगळा रेकॉर्ड केलेला आवाज हळूहळू सरकतो, त्यामुळे एडिटच्या आधी कन्व्हर्ट करून घ्या आणि आवाज जुळवायला सुरुवातीला व मध्येमध्ये टाळी वाजवा.

कार्डाचा हिशोब आधी करा. सेकंदाला १०० मेगाबिटने ४के शूट केलं तर तासाला ४५ जीबी लागतात, सहा तासांचं नाटक म्हणजे २७० जीबी. मी काय करतो, एक कॅमेरा मागे ट्रायपॉडवर साध्या एचडीत पूर्ण नाटकासाठी आणि दुसरा हातात, रंगपटात, प्रेक्षकांत, ४के. घरी जाऊन नाही, तिथेच गावात रात्री दोन वेगळ्या डिस्कवर कॉपी करायचं आणि दोन डिस्क दोन वेगळ्या बॅगांत.

जेजुरी असो की पट्टणकोडोलीची यात्रा, जिथे भंडारा उधळतात तिथे लेन्स बदलायची नाही म्हणजे नाही. हळदीची ती बारीक पूड सेन्सरवर गेली की संपलं. एकच लेन्स, पुढे साधा फिल्टर, कॅमेऱ्याला प्लास्टिक, आणि पूड ओल्या फडक्याने पुसू नका, आधी फुंकणीने उडवा. तुमच्या अंगावर मात्र पडू द्या, भंडारा झटकत बसलेला माणूस तिथे कोणाला आवडत नाही.

ड्रोनचं म्हणाल तर एखाददुसरा शॉट ठीक आहे. २०२१ च्या नियमांप्रमाणे २५० ग्रॅमपर्यंतच्या नॅनो ड्रोनला पायलटचं सर्टिफिकेट लागत नाही, पण सरकारच्या डिजिटल स्काय या ड्रोनच्या पोर्टलवरच्या नकाशावर तो भाग कुठल्या झोनमध्ये आहे ते बघाच आणि पोलिसांना विचाराच. गर्दीवर उडवू नका, बैलांजवळ तर अजिबात नको, बैल बुजला तर माणसं मरतात. आणि मुळात देवळाच्या शिखरावरून खाली कोण बघतं? गावातला कोणीच नाही. गाव ज्या उंचीवरून आपली जत्रा बघतं, बसून, उभं राहून, बापाच्या खांद्यावरून, त्या उंचीला कॅमेरा ठेवा.

शॉट लांब ठेवा. पाच सेकंदात कट करायची सवय लागलीय आपल्याला, तर नियम करा की कुठलाही शॉट ३० सेकंदांच्या आत बंद करायचा नाही. कलाकार आरशासमोर बसून स्वतःचा रंग स्वतः करतो, ती २५ मिनिटं एकदा तरी न थांबता घ्या. स्त्रीपार्टी, म्हणजे बाईची भूमिका करणारा, माणूस त्या वेळात कसा बदलत जातो, बसणं बदलतं, आवाज बदलतो, कोणी बोलायला आलं तर उत्तर द्यायची पद्धत बदलते, ते तुकड्यांत सापडत नाही.

'दिवसा शेतकरी, रात्री राणी' हा कट टाळता आला तर टाळा. नांगर, कट, शालू, असा. खरं आहे ते पण सगळ्यांनी दाखवून झालंय. त्याऐवजी त्याच्या मधले तास घ्या, टेम्पोतला प्रवास, पहाटे रंग उतरवताना खोबरेल तेल, नाटक संपवून घरी आल्यावर दोन तासांच्या झोपेनंतर कामाला जाणं.

बोलतं कसं करायचं

'ही परंपरा किती वर्षांची आहे' असं विचारलं की 'पूर्वापार' असं उत्तर येतं, आणि माणूस एकदम पुस्तकी मराठीत शिरतो, 'आमच्या गावाला ऐतिहासिक वारसा लाभलेला आहे' वगैरे. चूक त्यांची नाही, प्रश्नच तसा आहे. असं विचारा की तुम्ही पहिल्यांदा जत्रेला कोणाबरोबर गेला होतात, काय घेऊन दिलं होतं, कुठे बसला होतात, झोप कधी लागली. ज्या वर्षी जत्रा झाली नाही, कोरोनात म्हणा, तेव्हा त्या दिवशी घरी काय केलंत. अशा प्रश्नाला माणूस स्वतःच्या भाषेत उत्तर देतो कारण त्याला आठवावं लागतं.

हाताला काम असताना बोला. पखवाजाला शाई लावताना, माळा ओवताना, नारळ सोलताना. खुर्चीत बसवून मागे देऊळ आउट ऑफ फोकस, ती फ्रेम छान दिसते पण माणूस आखडतो. उत्तर संपलं की लगेच पुढचा प्रश्न टाकू नका, मनात दहा आकडे मोजा. खरं बोलणं बऱ्याचदा त्या शांततेनंतर येतं. कॅमेरा बंद झाल्यावर जे बोलतात ते सगळ्यात भारी असतं हे पण खरं, पण ते लपून रेकॉर्ड करायचं नाही, 'हे परत सांगाल का कॅमेऱ्यावर' असं सरळ विचारायचं, नाही म्हणाले तर गेलं.

बायकांशी बोलायला वेगळा वेळ काढा आणि टीममध्ये एक तरी मुलगी असू द्या. पुरुष मंडळी समोर असली की 'ते सांगतील' म्हणून बायका आत जातात, आणि मग अख्ख्या फिल्ममध्ये फक्त मानकरी बोलतात. सारवलं कोणी, नैवेद्य कोणी केला, माहेरवाशिणी ओटी भरायला कुठून कुठून आल्या, हे कोण सांगणार? जात्यावरच्या ओव्यांचं बघा ना, गी पॉइतवाँ आणि हेमा राईरकर या अभ्यासकांनी गावागावातून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या, त्या सगळ्या घराच्या आतल्या आहेत, अंगणातून कॅमेरा फिरवून त्या मिळाल्या नसत्या. आणि त्या कामातली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट म्हणजे ओवी गाणाऱ्या बाईचं नाव आणि गाव नोंदवलेलं असतं. आपल्या फिल्मच्या नावांत 'ग्रामस्थ' असं एका शब्दात उरकू नका, एकेक नाव घ्या, त्यांच्याकडूनच लिहून घ्या, गावात ज्या नावाने हाक मारतात ते पण विचारा.

कौतुक करायचंय म्हणून झाकायचं नाही

हे बोलायला अवघड आहे पण बोलतो. जत्रा म्हणजे कामांची वाटणी, आणि ती वाटणी बऱ्याच ठिकाणी जातीवर उभी आहे. वाजवणारे कोण, ते कुठे उभे राहतात, पायरीपर्यंत कोण येतं, प्रसाद कोणाला कसा मिळतो, हे तुमच्या फूटेजमध्ये तुम्ही न ठरवता पण येतं. बाबासाहेबांनी हीन समजली जाणारी गावकामं सोडायला सांगितली तेव्हापासून कितीतरी घरांनी असं काम सोडून दिलंय, आणि त्या सोडण्याचा त्यांना अभिमान आहे. कोणी तुम्हाला म्हणालं की माझ्या वडलांनी ढोल खाली ठेवला तो परत उचलला नाही, तर ती त्या गावचीच गोष्ट आहे, ती फिल्ममध्ये हवी. पटांगणातल्या पडद्यासमोर तो माणूस पण बसणार आहे ना. त्याला वाटलं पाहिजे की हे आपलं गाव दाखवलंय. फक्त आधी त्याला विचारा की गावात हे दाखवलं तर तुला त्रास होईल का, कारण तुम्ही दुसऱ्या दिवशी गाडीत बसून जाता, तो तिथेच राहतो.

एडिट

फूटेज आलं की महिनाभर बघायचंच, कापायचं नाही. सगळं बोलणं उतरवून काढा, जसं बोललेत तसं, मालवणी असेल तर मालवणीत, अहिराणी असेल तर अहिराणीत. मग कागदावर जोडणी करा. रचना अवघड करायची गरज नाही, आदला दिवस, ती रात्र, दुसरी सकाळ, एवढं पुरतं. दुसरी सकाळ मात्र नक्की शूट केलेली असू द्या, रिकामं पटांगण, बांबू सोडवणारी माणसं, कोणाची तरी राहिलेली चप्पल, दुकानं गुंडाळणारे लोक. बहुतेक टीम रात्रीच निघून जातात आणि मग शेवट म्हणून सूर्योदयाचा ड्रोन लावतात.

निवेदन कमीत कमी. वरून प्रमाण मराठीत कोणीतरी समजावतंय आणि खाली गावची माणसं नुसती हलतायत, असं झालं की गाव मुकं झालं. जिथे खरोखर माहिती अडते तिथे दोन ओळींची पाटी टाका. बासरीचं तयार म्युझिक लावू नका, तुमच्याकडे खरी पेटी आहे, खरा ढोल आहे, पहाटेचा कोंबडा आहे. ढोल वाजताना स्लो मोशन नको, हात एका लयीत आणि आवाज दुसऱ्या.

रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जोडणी, आधी गावातल्या तीनचार जणांना दाखवा, एक म्हातारं माणूस, एक वाजवणारा, एक बाई, एक कॉलेजचं पोरगं. मी एकदा शिमग्याच्या फिल्ममध्ये पालखी निघतानाच्या शॉटखाली दुसऱ्या दिवशीचा ढोल लावला होता, आवाज जास्त स्वच्छ होता म्हणून. ढोलवाल्याने तिसऱ्या सेकंदाला सांगितलं, 'ह्यो परतीचो ठेको हा.' बाहेरच्या कोणाला आयुष्यात कळलं नसतं. पण त्या गावातल्या प्रत्येकाला कळलं असतं, पहिल्या मिनिटात त्यांचा विश्वास उडाला असता. बदलला, जरा खरखर असलेला खरा आवाज लावला.

सबटायटल प्रमाण मराठीत पण द्या, नुसते इंग्रजीत नको, नागपूरच्या माणसाला मालवणी पूर्ण कळत नाही आणि मालवणच्या माणसाला झाडीबोली. एका वेळी दोन ओळींच्या वर नको. भाषांतर करताना बोली सरळ करून टाकू नका, शिव्या-म्हणींचा जोर राहिला पाहिजे, आणि गाऱ्हाण्यासारख्या ठिकाणी शब्दन् शब्द लिहायच्या मागे न लागता सूर ऐकू द्या.

गावात दाखवणं आणि पुढचं

फेस्टिवलच्या आधी गाव. काही फेस्टिवलना प्रीमियर, म्हणजे पहिला खेळ त्यांच्याकडेच, लागतो हे खरं, त्यांचे नियम आधी वाचून ठेवा, पण ज्यांची फिल्म आहे त्यांना वर्षभर थांबवायचं हे मला नाही पटत. मुंबईचा मिफ (मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) १९९० पासून माहितीपट, लघुपट आणि अ‍ॅनिमेशनसाठी चालतो, तिथे पाठवाच, दोन वर्षांतून एकदा असतो म्हणून तारखांवर लक्ष ठेवा.

गावात दाखवायचं तर अंधार पडल्यावर, जेवणं झाल्यावर, आणि भजनाची किंवा क्रिकेटच्या फायनलची रात्र सोडून. प्रोजेक्टर भाड्याने मिळतो, पडदा नसेल तर पांढरी चादर ताणून बांधा, सुरकुत्या नकोत. स्पीकर तोच जत्रेचा साउंडवाला लावेल. आवाज आधी एकदा रिकाम्या पटांगणात लावून बघा, माणसं भरली की आवाज दबतो म्हणून थोडा चढाच ठेवा. लोक मध्ये मध्ये ओरडतील, नावं घेतील, गेलेला कोणी पडद्यावर दिसला तर एकदम शांत होतील. अशा वेळी थांबवून परत लावा म्हणाले तर परत लावा. ज्यांनी नंतर नको म्हटलं त्यांचा भाग तेव्हा पण काढायची तयारी ठेवा, यूट्यूबवर टाकायच्या आधी हीच शेवटची संधी असते.

मग सगळं कच्चं फूटेज, फक्त तयार फिल्म नाही, एका हार्ड डिस्कवर टाकून गावात ठेवा, शाळेत नाहीतर वाचनालयात, जिथे कपाटाला कुलूप आहे आणि चावी कोणाकडे ते सगळ्यांना माहीत आहे. बरोबर एक छापील यादी द्या, कुठल्या फाइलमध्ये कोण आहे, कुठल्या तारखेचं, कुठल्या वाडीतलं. फाइलची नावं पण तशीच ठेवा, तारीख, वाडी, माणूस, कारण पाच वर्षांनी कोणाची तरी नात तिच्या आजीची ओवी शोधायला येईल आणि तिला कॅमेऱ्याने दिलेल्या आकड्यांवरून काहीच सापडणार नाही. दर दोनतीन वर्षांनी गेलात की ती डिस्क लावून चालतेय ना बघा, नवीन डिस्कवर कॉपी करा, आणि यादीत राहिलेली नावं तिथल्याच कोणाला तरी विचारून भरून घ्या.